'ट्रायम्फ'ला मराठीत काय म्हणावं? विजययात्रा, मिरवणूक की धिंड?

रोममधल्या प्राचीन वास्तूंची ओळख करून देणाऱ्या एका छोट्या पुस्तिकेचं मराठी भाषांतर करते आहे. चित्रं मोठी, मजकूर थोडा, त्यामुळे एकेक शब्द उघडा पडतो. 'ट्रायम्फ' पानोपानी येतो आणि त्याच्यामागून त्याचं सगळं गणगोत: ट्रायम्फल आर्च, ट्रॉफी, ओव्हेशन. पहिल्या खर्ड्यात मी सगळ्यांना 'विजय' चिकटवून मोकळी झाले. विजयोत्सव, विजयकमान, विजयचिन्ह. दुसऱ्या दिवशी वाचलं तेव्हा मजकूर इतका गुळगुळीत वाटला की कशावरच नजर ठरेना.

अडचण अशी की रोमनांचा ट्रायम्फ म्हणजे नुसता जिंकल्याचा आनंद नव्हे. तो एक ठरलेला विधी होता आणि त्याला सेनेटची, म्हणजे रोमच्या ज्येष्ठांच्या सभेची, मंजुरी लागे. शहराभोवती 'पोमेरियम' नावाची पवित्र सीमा असे. सेनापतीने ती ओलांडून आत पाऊल टाकलं की त्याचा सेनाधिकार संपला. ट्रायम्फच्या दिवसापुरती मात्र त्याला अधिकारासकट, सैन्यासकट आत यायची मुभा मिळे. म्हणून मंजुरी येईपर्यंत सेनापती वेशीबाहेर ताटकळत राहत. लुकुल्लस तर सुमारे तीन वर्षं थांबला आणि इ.स.पू. ६३मध्ये त्याला ट्रायम्फ मिळाला. सीझरला इ.स.पू. ६०मध्ये कॉन्सलपदासाठी, म्हणजे रोमच्या सर्वोच्च पदासाठी, उभं राहायचं होतं. त्यासाठी शहरात हजर व्हावं लागणार होतं, तेव्हा त्याने ट्रायम्फवर पाणी सोडलं.

मिरवणूक मार्सच्या मैदानाकडून निघे, 'पोर्ता त्रिउम्फालिस' या दरवाजातून शहरात शिरे, सर्कस मॅक्सिमसमधून फिरून व्हिया साक्रा या रस्त्याने कॅपिटोल टेकडीवरच्या ज्युपिटरच्या देवळाशी संपे. पुढे लुटीच्या गाड्या, फलक, कैदी. मग चार घोड्यांच्या रथात सेनापती. मागे सैनिक 'इओ त्रिउम्फे' असं ओरडत चाललेले.

मूळ लॅटिन शब्द 'त्रिउम्फुस'. तो डायोनिसस या ग्रीक देवाच्या स्तोत्राला असलेल्या 'थ्रिआम्बोस' या ग्रीक नावावरून, बहुधा एट्रुस्कन भाषेतून फिरून, लॅटिनमध्ये आला असं मानतात. आर्वाल पुरोहितांच्या अतिप्राचीन लॅटिन गाण्याचा शेवट 'त्रिउम्पे' या एकाच शब्दाने होतो, तो पाच वेळा म्हणायचा. म्हणजे हा शब्द आधी आरोळी होता, समारंभाचं नाव नंतर झाला. आपला 'जय' निम्मा असाच आहे, अर्थ आणि आरोळी एकत्र.

तर प्रश्न असे. ट्रायम्फला एक शब्द कोणता? आर्चला कमान की तोरण? आणि 'ट्रॉफी'चं काय करू?

प्रतिसाद

तोरण घ्या. शब्द संस्कृत आहे, भारदस्त आहे. स्तूपांच्या दारांनाही आपण तोरणच म्हणतो. 'विजयतोरण' कानाला गोड लागतं.

प्रतिसाद

तोरणाला माझा विरोध आहे. मराठी घरात तोरण म्हणजे आंब्याच्या पानांचं. ते बांधायचं आणि सुकलं की काढायचं. स्तूपाच्या तोरणाला दोन खांब आणि त्यांवर आडव्या तुळया असतात, त्यात गोलाई नसते. रोमनांचं सगळं कसब त्या गोलाईत आहे. पाचरीसारखे घडवलेले दगड एकमेकांना रेटून उभे राहतात आणि मधला एक दगड सगळ्यांना अडकवून धरतो.

आणि 'कमान' शब्दाचं मूळ बघा. फारसीत कमान म्हणजे धनुष्य, आपण 'तीरकमान' म्हणतो त्यातली. धनुष्यासारखी वाकलेली म्हणून इमारतीतली कमान. लॅटिन 'आर्कुस'चाही पहिला अर्थ धनुष्यच, त्यावरून वास्तूतली कमान. दोन भाषा एकमेकींना न विचारता एकाच वाटेने चालल्या. इतका नेमका प्रतिशब्द हाताशी असताना दुसरा कशाला शोधायचा?

आणखी एक गोष्ट. वेस किंवा दरवाजा म्हटलं की त्याला तट चिकटलेला असतो. रोममधल्या या कमानी रस्त्यावर एकट्या उभ्या असतात, अडवत काहीच नाहीत. मराठी वाचकाला ही कल्पना समजावून सांगायची गरज नाही. गणपतीत किंवा पुढारी यायचे असले की रस्त्यावर स्वागतकमान उभी राहते, तीही अशीच. बांबू-कापडाची जागा संगमरवराने घेतली एवढाच फरक.

प्रतिसाद

कमानीला माझाही कौल. थोडी भर घालतो. सुरुवातीला रोमन लोक हिला आर्कुस म्हणत नसत, 'फोर्निक्स' म्हणत. इ.स.पू. १९६मध्ये लुसियस स्टर्टिनियस स्पेनमधली लूट घेऊन परतला. त्याने ट्रायम्फ मागितलाच नाही. लुटीच्या पैशातून फोर्निक्स उभारले आणि त्यांवर सोन्याचा मुलामा दिलेले पुतळे बसवले. रोमन इतिहासकार लिव्हीने ही नोंद ठेवली आहे. या प्रकारच्या बांधकामाचे हे सर्वांत जुने ठाऊक असलेले उल्लेख, आणि ज्याचे ते, त्या माणसाची मिरवणूक कधी निघालीच नव्हती. म्हणून 'ट्रायम्फल आर्च' म्हणजे 'ज्या कमानीखालून विजयी सेनापती गेला ती' असा अर्थ पुस्तिकेत येऊ देऊ नका. सम्राट टायटसची कमानसुद्धा तो इ.स. ८१मध्ये वारल्यानंतर, भाऊ डोमिशियनच्या काळात उभी राहिली. जेरुसलेम जिंकल्याची मिरवणूक निघाली होती इ.स. ७१मध्ये. कमान ही मिरवणुकीची आठवण आहे, वाट नव्हे.

प्रतिसाद

कमानीचा निकाल लागला असेल तर मुख्य शब्दाकडे येऊ. 'विजययात्रा' मला पटत नाही. यात्रा म्हटलं की देव आला, श्रद्धा आली, आपखुशीने चालणारी माणसं आली. ट्रायम्फमधली निम्मी माणसं आपखुशीने चालत नव्हती.

आपल्याकडे एक शब्द आहे जो इंग्रजीत सहज सापडत नाही: धिंड. चारचौघांत लाज काढण्यासाठी एखाद्याला गावातून फिरवणं. रस्ता तोच, गर्दी तीच, वाजंत्रीसुद्धा तीच. पण रथातल्या माणसाची ती मिरवणूक आणि रथापुढे साखळदंडात चालणाऱ्याची धिंड. ट्रायम्फ म्हणजे या दोन्ही, एकाच वेळी, एकाच रस्त्यावर.

इ.स.पू. १६७चा सेनापती एमिलियस पाउलसचा ट्रायम्फ आठवा. ग्रीक चरित्रकार प्लुटार्कने तो सविस्तर लिहिला आहे. तीन दिवस चालला. पहिला दिवस नुसते पुतळे आणि चित्रं वाहणाऱ्या २५० गाड्या बघण्यात गेला. तिसऱ्या दिवशी मॅसिडोनियाचा राजा पर्सियस काळ्या वस्त्रात चालत आला आणि त्याच्या पुढे त्याची लेकरं. दोन मुलगे, एक मुलगी. बरोबरचे दाया आणि शिक्षक रडत होते, पोरांना गर्दीपुढे हात पसरायला शिकवत होते. आपल्यावर काय ओढवलंय हे कळायचं त्यांचं वय नव्हतं. त्यांना पाहून बघ्यांचे डोळे भरून आले असं प्लुटार्क लिहितो. पाउलसचा चौदा वर्षांचा मुलगा मिरवणुकीच्या पाच दिवस आधी वारला होता आणि बारा वर्षांचा तीन दिवसांनी वारला. हे सगळं 'विजयोत्सव' या शब्दात मावतं का?

प्रतिसाद

धिंड गुन्हेगाराची काढतात. हरलेला राजा गुन्हेगार नसतो. शब्द जरा जास्त कडवट होतोय असं नाही वाटत?

प्रतिसाद

नाही वाटत, कारण शेवट बघा. इ.स. ७१च्या मिरवणुकीत जेरुसलेमच्या बाजूने लढलेला सिमोन बार गिओरा होता. त्याच्या गळ्यात दोर अडकवून, फटके मारत त्याला फोरम या मुख्य चौकाजवळ नेलं आणि तिथे मारलं. मिरवणूक तोवर देवळापाशी थांबून राहिली होती. तो मेल्याची वर्दी आली, लोकांनी जल्लोष केला आणि मगच बळी द्यायला सुरुवात झाली. हे ज्यू इतिहासकार जोसेफसने लिहून ठेवलं आहे. गॉलचा (आजच्या फ्रान्सच्या भागातला) सरदार व्हर्सिंगेटोरिक्स सहा वर्षं कैदेत काढून इ.स.पू. ४६मध्ये सीझरच्या ट्रायम्फमध्ये फिरवला गेला आणि मारला गेला. शत्रूला गुन्हेगारासारखं वागवणं हा त्या विधीचाच भाग होता. कडवटपणा शब्दात नाही, प्रसंगात आहे.

मात्र संपूर्ण ट्रायम्फला 'धिंड' म्हणणंही चूक. त्यात शिमगासुद्धा होता. सीझरच्या मागून त्याचेच सैनिक 'रोमकरांनो, बायका सांभाळा, टकल्या छिनाल आणलाय' अशा अर्थाचं गाणं म्हणत चालले होते. एरवी ज्याच्यापुढे ताठ उभं राहायचं त्याला त्या दिवशी तोंडावर काहीही बोलायची मोकळीक होती. शिमग्याच्या बोंबा मारलेल्या माणसाला हे लगेच उमजेल.

प्रतिसाद

'ओव्हेशन'बद्दल कोणी बोललं नाही. लॅटिन 'ओवातिओ' म्हणजे कमी दर्जाचा ट्रायम्फ. यात रथ नाही, सेनापती पायी किंवा घोड्यावरून येतो, डोक्यावर लॉरेलऐवजी मर्टलचा मुकुट. क्रॅससने स्पार्टाकसचं बंड मोडलं, पण गुलामांवरचा विजय म्हणून इ.स.पू. ७१मध्ये त्याला ओवातिओवर समाधान मानावं लागलं. लॉरेलचा मुकुट मात्र त्याने सेनेटकडून मागून घेतला. या वेळी मेंढी बळी देत, म्हणून 'ओविस' या मेंढीच्या नावावरून शब्द आला असं प्लुटार्क सांगतो, पण ते नंतर जुळवलेलं दिसतं. 'ओवारे' म्हणजे हर्षाने ओरडणं, ते पुरेसं आहे. मराठीत मी 'बिनरथाची मिरवणूक' लिहीन. बोजड नाही, आणि काय कमी होतं ते लगेच दिसतं.

धागाकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. कमान पक्की. 'धिंड' वाचल्यावर काल रात्री टायटसच्या कमानीच्या आतल्या शिल्पाचं मोठं छायाचित्र पुन्हा उघडून बसले.

डोक्यावर पानांचे मुकुट घातलेली माणसं खांद्यावर दांडे घेऊन चालली आहेत. त्यांवर जेरुसलेमच्या मंदिरातली सात फाट्यांची दीपमाळ, पुढे सोन्याचं मेज आणि कर्णे. मध्ये मध्ये काठ्यांवर उंच धरलेले फलक आहेत. लुटीत काय काय आहे ते त्यांवर असणार. आज ते कोरे आहेत, कारण अक्षरं रंगवलेली होती आणि रंग गेला. दीपमाळेवर पिवळ्या रंगाचे अंश मात्र २०१२ साली सापडले. उजव्या टोकाला दगडातच एक छोटी कमान कोरली आहे आणि सगळी रांग तिच्यात शिरते आहे. कमानीच्या पोटात कमान.

'मिरवणे' क्रियापद मला इथे फार नेमकं वाटलं. आपण दागिने मिरवतो, शालू मिरवतो. इथे दुसऱ्याच्या देवघरातली समई मिरवली आहे. रोमच्या ज्यू वस्तीत या कमानीखालून न जाण्याची परंपरा होती. संयुक्त राष्ट्रांचा पॅलेस्टाइनविषयीचा ठराव झाल्यावर १९४७च्या डिसेंबरात ते लोक मुद्दाम तिथे जमले. इस्राएलच्या राजमुद्रेवरची दीपमाळ याच शिल्पावरून घेतलेली आहे.

आता ट्रॉफी. 'करंडक' आणि 'चषक' दोन्ही बाद. रणजी करंडकाला ते ठीक. ग्रीक 'त्रोपाइओन' हा शब्द 'त्रोपे' म्हणजे वळण यावरून आला आहे. शत्रू जिथे पाठ फिरवून पळाला त्या जागी झाडाचं खोड रोवून त्याला शत्रूचं चिलखत, शिरस्त्राण, ढाल अडकवत. लांबून माणूस उभा असल्यासारखं दिसे. सीझरच्या नाण्यांवर असं खोड आणि त्याच्या पायाशी बसलेले गॉल कैदी आहेत. पुढे याच्याच दगडी इमारती झाल्या. सम्राट ऑगस्टसची आल्प्सजवळची, तिच्यावर जिंकलेल्या ४५ जमातींची नावं होती. तिच्यावरून गावाला ला तुर्बी हे नाव पडलं. सम्राट ट्रेजनची अदामक्लिसीची, आजच्या रुमानियात. मी 'जयखांब' लिहायचा विचार करते आहे. चालेल?

प्रतिसाद

जयखांब नको, जयस्तंभाशी गल्लत होईल. रघुवंशाच्या चौथ्या सर्गात रघू वंगांना हरवून गंगेच्या प्रवाहांमधल्या बेटांवर जयस्तंभ रोवतो. तेव्हा जयस्तंभाला स्वतःचा इतिहास आहे आणि तो विजयी माणसाच्या खांबाचा आहे. त्रोपाइओन मात्र हरलेल्याच्या शस्त्रांचा. 'शस्त्रखोड' म्हणा, किंवा सरळ 'शत्रूच्या शस्त्रांनी मढवलेलं खोड' असं एकदा उलगडून सांगा आणि पुढे ट्रॉफीच ठेवा.

आणि ट्रेजनच्या स्तंभाला घाईने 'विजयस्तंभ' लिहू नका. इ.स. ११३चा हा स्तंभ. त्यावर तळापासून वर २३ वेढे घेत डेशियाच्या (आजच्या रुमानियाच्या भागातल्या) दोन्ही युद्धांची चित्रमाला कोरली आहे, अडीच हजारांहून अधिक आकृत्या आहेत. पण पायथ्याचा लेख वाचा. त्यात ट्रेजनच्या पदव्यांपलीकडे विजयाचा शब्द नाही. एवढ्या मोठ्या बांधकामांसाठी टेकडी किती उंचीची खणून काढली ते दाखवायला हा स्तंभ आहे असं तो सांगतो. पुढे त्याच पायथ्यात ट्रेजनच्या अस्थी ठेवल्या गेल्या. १५८७पासून माथ्यावर सेंट पीटर उभा आहे. नुसतं 'ट्रेजनचा स्तंभ' ठेवा, बाकी चित्रमाला सांगेल.

धागाकर्ती

मान्य. शस्त्रखोड घेते. ट्रेजनचा स्तंभ नुसता स्तंभ राहील.

ट्रायम्फ पहिल्यांदा येईल तिथे 'विजयी सेनापतीची नगरप्रवेशाची मिरवणूक' असं उलगडते आणि पुढे 'विजय-मिरवणूक'. यात्रा कुठेही नाही. दसऱ्याला आपण सीमोल्लंघन करतो ते बाहेर जाण्यासाठी. यांचं सीमोल्लंघन आत येण्याचं. म्हणून 'नगरप्रवेश' मला हवाच आहे.

टायटसच्या कमानीच्या चित्राखाली आता हे लिहिलं आहे: 'इ.स. ७१ची विजय-मिरवणूक. जेरुसलेमच्या मंदिरातली दीपमाळ रोमच्या रस्त्यावरून मिरवली जात आहे. याच मिरवणुकीत ज्यू कैद्यांची धिंड काढली गेली; ते या शिल्पात नाहीत.' शेवटचं वाक्य मूळ पुस्तिकेत नाही. प्रकाशकांना तसं कळवून ते ठेवायची परवानगी मागितली आहे.