'भाव खाऊन गेला' हे कौतुक की टोमणा?

झाडीतला पाहुणा
आमच्या वडश्याकडे (गडचिरोली जिल्हा) मंडईचं, म्हणजे दिवाळीनंतरच्या गावजत्रेचं नाटक झालं, पहाटेपर्यंत चाललं, अन सकाळी टपरीवर एकच विषय, हवालदार भाव खाऊन गेला. आता हवालदाराला डायलॉग चारपाचच होते बापा, हिरो बिचारा रात्रभर गळा फाडत होता त्याचं नाव कोणी काढलं नाही. सोबत पुण्याचा मित्र आला होता तो म्हणे, "भाव खातो" म्हणजे शिष्टपणा करतो ना, मग हे कौतुक कसं? मला काही धड सांगता आलं नाही. फरक काय आहे दोन्हीत? आणि त्या हवालदारात जे होतं त्याला शब्द कोणता, सभाधीट चालेल का?

वऱ्हाडी ठेचा
भाऊ, मूळ बाजारातलं हाय ते. मालाले मागणी वाढली का माल भाव खाते, पेपरात बी येते ना तुरीनं भाव खाल्ला म्हणून (कापसाचं सोडा, तो भाव खायचं सोडून कास्तकारालेच खाते). मंग तेच माणसाले लागलं. "लय भाव खाते" म्हणजे बोलावलं तरी येत नाही, आपला भाव आपणच लावून बसला. "भाव खाऊन गेला" मंदी भाव पब्लिक लावते, बाकीचे पाहतच राह्यतात. म्हणून पयला टोमणा अन दुसरं कौतुक.

फळा-खडू
ठेचाभाऊंचं बरोबर. सभाधीट मात्र इथे चालणार नाही. चार लोकांसमोर बिचकत नाही तो सभाधीट, बस एवढंच. धीट आला संस्कृत धृष्ट वरून, त्यात मुळात थोडा आगाऊपणाच आहे. गॅदरिंगला सभाधीट पोरं ढीगभर असतात, घडाघडा भाषण म्हणतात आणि खाली उतरली की कोण काय बोललं आठवत नाही. यालाच आपण स्टेज डेअरिंग म्हणतो, इंग्रजांना सांगितलं तर कळायचं नाही इतका तो आता आपला शब्द झालाय. डेअरिंगनी माणूस स्टेजवर चढतो, पण लक्षात राहतो तो उभा कसा राहिला त्यावरून. ज्याचा जीव प्रॉम्प्टरमध्ये अडकलाय तो नट बघा, तोंड आपल्याकडे आणि कान विंगेकडे, मान जराशी वाकडी, हात कुठे ठेवावे समजत नाही. वाक्य एकही चुकत नाही तरी लोक तंबाखू मळायला लागतात.

रात्रपाळी
मग रुबाब म्हणा ना. हवालदाराचा रुबाब.

फळा-खडू
रुबाब अर्धा तर ड्रेसचा असतो हो. खाकी, पट्टा, काठी दिली की कोणालाही थोडा येतोच. नाट्यशास्त्रात अभिनय चार प्रकारचा सांगितलाय, आंगिक, वाचिक, आहार्य, सात्त्विक, त्यातलं आहार्य म्हणजे वेषभूषा-रंगभूषा. आता गाडगेबाबा आठवा. अंगावर चिंध्या, डोक्यावर खापर, एका कानात कवडी, दुसऱ्यात बांगडीचा तुकडा, हातात खराटा. असं आहार्य घेऊन कोण रुबाब करेल? दिवसा गाव झाडायचं आणि रात्री त्याच गावासमोर कीर्तनाला उभं राहायचं, वऱ्हाडीत प्रश्न विचारायचे आणि सगळ्या सभेनं उत्तर द्यायचं. ही ताकद भाषेची होतीच, पण मला वाटतं जे बोलतोय तेच अंगानं करून दाखवलेला माणूस समोर उभा आहे हे लोकांना दिसत होतं.

झाडीतला पाहुणा
हे पटलं. खडीगंमत म्हणजे आमच्याकडचं लोकनाट्य, त्यात खडी म्हणजे उभी, उभ्यानं सादर करायची. लोक अगदी जवळ, लपायला जागा नाही, पाय जरा लटपटला तर पुढे बसलेल्या म्हातारीला आधी दिसतो. आणि ज्यांना अंगकाठी दणकट पाहिजे वाटते त्यांना सांगतो, परशुराम खुणे यांना 2023 मध्ये पद्मश्री मिळाली ती झाडीपट्टीतल्या, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भातल्या नाटकांतल्या कामासाठी, पाच हजारांवर प्रयोग, आणि लोकांनी त्यांना डोक्यावर घेतलं ते विनोदी भूमिकांमुळे.

वऱ्हाडी ठेचा
तुकडोजी महाराजाईची खंजिरी बी धरा त्यात. हात, खंजिरी अन आवाज वेगळे काढताच येत नाही.

रात्रपाळी
ठसका राहिला की! तो का नको?

फळा-खडू
ठसका लावणीला, भांडणाला, मिरचीला. त्यात झटका असतो, क्षणात येतो. तुमचा हवालदार शांत उभा असेल तर ठसका म्हणू नका. मी "वजन" म्हणेन. उभं राहण्यात वजन होतं. आवाजात वजन, शब्दाला वजन आपण म्हणतोच.

झाडीतला पाहुणा
शांतच होता. एन्ट्री घेतली, काठी टेकवली, अन कितीतरी वेळ काही बोललाच नाही, नुसता एकेकाकडे पाहत राहिला. वजन चालेल. पण टपरीवर "त्याच्या उभं राहण्यात वजन होतं" म्हटलं तर लोक किलो विचारतील.

वऱ्हाडी ठेचा
तर टपरीवर भाव खाऊन गेला म्हणा अन पेपरात लिहाचं असंल तं वजन लिहा.

रात्रपाळी
जाता जाता, सभाधीटचं स्त्रीलिंग काय?

फळा-खडू
बदलत नाही. सभाधीट मुलगा, सभाधीट मुलगी. ठसकेबाज पण तसंच.