जुन्या दिवाणी दाव्याला हायकोर्टातून मुदत घालून मिळते का?

वादी_पक्ष
कब्जा व कायम मनाईचा नियमित दिवाणी दावा, २०१५ चा. मुद्दे निघाले, वादीचे सरतपासणीचे (म्हणजे स्वतःच्या साक्षीचे) शपथपत्र दाखल झाले. तिथून पुढे दोन वर्षे नुसत्या उलटतपासणीच्या तारखा. प्रतिवादीचा तहकुबी अर्ज दर वेळी मंजूर. 'सहा महिन्यांत निकाली काढा' असा आदेश हायकोर्टातून आणता येतो का? कशाखाली, आणि तयारी काय लागते?

रोजनामा
मार्ग राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ चा, म्हणजे खालच्या कोर्टांवरच्या हायकोर्टाच्या देखरेखीच्या अधिकाराचा. दिवाणी कोर्टाच्या न्यायिक आदेशावर अनुच्छेद २२६ ची रिट याचिका चालत नाही, हे राधेश्याम विरुद्ध छबीनाथ (२०१५) पासून पक्के आहे.

पण नुसती मुदत मागायला जाणार असाल तर हायकोर्ट बार असोसिएशन, अलाहाबाद विरुद्ध उत्तर प्रदेश राज्य हा २९ फेब्रुवारी २०२४ चा निकाल आधी वाचा. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने स्पष्ट म्हटले आहे की वरच्या न्यायालयांनी एरवी खालच्या प्रकरणांना मुदत घालू नये, अपवादात्मक परिस्थितीतच घालावी. मला हे पटते. ज्याला वर जाणे परवडते त्याचा दावा पुढे सरकतो आणि त्याच कोर्टातला त्याहून जुना दावा तसाच पडून राहतो.

तेव्हा तुमचा अपवाद कागदावर दिसला पाहिजे. संपूर्ण रोजनाम्याची (दाव्यात तारखेवार काय झाले त्या कोर्टाच्या नोंदीची) नक्कल काढा आणि तक्ता करा: तारीख, तहकुबी कोणी मागितली, अर्जाची निशाणी (कागदाचा क्रमांक), कारण, खर्च बसवला का, भरला का. न्यायाधीश रजेवर किंवा बदली, त्या तारखा वेगळ्या रकान्यात. निम्म्या तहकुब्या वादीच्याच निघाल्या तर याचिका करू नका. दावा लवकर चालवण्याचा अर्ज खाली दिलेला नसेल, तर वर पहिला प्रश्न तोच येईल.

निशाणी_पाच
त्याआधी हातातले हत्यार वापरा: दिवाणी प्रक्रिया संहिता, ऑर्डर १७ नियम १. सुनावणीत एका पक्षकाराला तीनच तहकुब्या. सेलम बार असोसिएशन निकालाने (२००५) अपवादाला जागा ठेवली, पण ती पक्षकाराच्या हाताबाहेरच्या कारणांसाठी. 'वकील दुसऱ्या कोर्टात आहेत' हे कारण चालणार नाही, असे नियमातच लिहिले आहे.

सगळ्यात उपयोगी पोटनियम (२) च्या परंतुकातला (जोडलेल्या अटींतला) खंड (ई). साक्षीदार हजर आहे, पण समोरचा पक्ष किंवा वकील गैरहजर, अथवा हजर असून तयार नाही, तर कोर्ट उलटतपासणीशिवाय पुढे जाऊ शकते. इथेच बहुतेकांचे चुकते. वकील एकटेच कोर्टात जातात, वादी घरी बसतो, आणि खंड (ई) लागूच होत नाही. प्रत्येक तारखेला वादीने हजर राहायचे, 'साक्षीदार हजर असून उलटतपासणीस तयार' अशी पुरसीस (कोर्टाला लेखी निवेदन) द्यायची आणि रोजनाम्यात तशी नोंद झाली का ते त्याच दिवशी बघायचे.

'उलटतपास नाही' हा आदेश झाला की प्रतिवादी तो रद्द करून मागेल, आणि बहुधा मिळेलही. तेव्हा कलम ३५ब खाली खर्च मागा. पुढच्या तारखेला तो भरल्याशिवाय बचाव पुढे चालवता येत नाही.

वादी_पक्ष
प्रतिवादी आता म्हणतो, निशाणी ५ च्या (तात्पुरत्या मनाईच्या अर्जावरच्या) आदेशाविरुद्ध हायकोर्टात रिट दाखल आहे, म्हणून दावा थांबवा.

दरखास्त
दाखल असणे म्हणजे स्थगिती नव्हे. 'स्थगितीचा आदेश हजर करावा, अन्यथा दावा चालवावा' असा अर्ज द्या. खरोखर स्थगिती असेल तर सहा महिन्यांनी ती आपोआप उठते या भरवशावर राहू नका. एशियन रिसर्फेसिंगचा (२०१८) तो नियम वर सांगितलेल्या २०२४ च्याच निकालाने रद्द झाला. स्थगिती उठवण्याचा अर्ज हायकोर्टातच करावा लागेल.

आणि कब्जाचा दावा आहे, तर दाव्यात लिहिलेल्या मिळकतीच्या चतुःसीमा आत्ताच तपासा, पुढे हुकूमनाम्यात (निकालानंतरच्या कोर्टाच्या आदेशात) त्याच येतात. वर्णन जागेशी जुळत नसेल तर ऑर्डर २६ नियम ९ खाली कोर्ट कमिशनर मागा. नाहीतर बेलिफ (कोर्टाचा अंमलबजावणी कर्मचारी) कब्जा वॉरंट घेऊन जागेवर जातो आणि 'मिळकतीची ओळख पटत नाही' असा अहवाल देऊन परत येतो. दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, दाखल झाल्यापासून सहा महिन्यांत संपवावी, मुदत वाढवायची तर लेखी कारणे द्यावीत, असे राहुल शहा विरुद्ध जिनेंद्रकुमार गांधी (२०२१) मध्ये आहे. पेरियम्मल निकालात (२०२५) सर्वोच्च न्यायालयाने देशभरच्या प्रलंबित दरखास्तींचा हिशेबच हायकोर्टांकडून मागवला. त्यामुळे दाव्यापेक्षा दरखास्तीसाठी २२७ खाली मुदत मागणे सोपे जाते.