‘कॉलरा’ पाटीवरून पुसला: बरं झालं की वाईट?

घाटमाथा (धागाकर्ता)

कोलकात्यात बेलियाघाटाला, संसर्गजन्य रोगांच्या सरकारी रुग्णालयाला लागून, आयसीएमआरची (भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेची) एक जुनी संस्था आहे. १९६२ साली ‘कॉलरा रिसर्च सेंटर’ म्हणून सुरू झाली. १९७९ मध्ये तिचं नाव ‘नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ कॉलरा अँड एंटेरिक डिसीजेस’ झालं, सगळे नायसेड म्हणायचे. आता पाटीवर आहे ‘नॅशनल इन्स्टिट्यूट फॉर रिसर्च इन बॅक्टेरियल इन्फेक्शन्स’. कॉलरा गेला, ‘एंटेरिक’ म्हणजे आतडीही गेली, राहिले नुसते जीवाणू.

मला हे पटलेलं नाही. कॉलरा हा शब्द तोंडावर येऊ न देण्याची सवय आपल्या यंत्रणेला आधीपासूनच आहे. पावसाळ्यात एखाद्या गावात वीस-पंचवीस जणांना एकदम जुलाब-उलट्या लागल्या की बातमी येते ‘गॅस्ट्रोची साथ’. गॅस्ट्रो म्हटलं की लग्नातलं जेवण, शिळं अन्न, काहीही सांगता येतं. कॉलरा म्हटलं की पहिला प्रश्न येतो, पाण्यात मैला कुठून गेला? आणि त्याचं उत्तर कुणालातरी द्यावं लागतं.

आमच्याकडे पटकीची साथ आली की मरीआईचा गाडा शिवेपार नेऊन सोडायचे. पलीकडचे लोक तो रातोरात आणखी पुढे ढकलायचे. पाटी बदलण्याचा हा प्रकार मला तसाच वाटतो.

पुण्यात भोसरीच्या एड्स संशोधन संस्थेचंही नाव बदललं, पण नव्या नावात एड्स ठेवलाच ना? मग कॉलऱ्यानंच काय घोडं मारलं होतं?

पेट्रीडिश

गाडा छान आहे, मुद्दा चुकलाय.

मी सूक्ष्मजीवशास्त्र प्रयोगशाळेत काम करते (या संस्थेत नाही). तिथलं काम गेली कित्येक वर्षं एकट्या कॉलऱ्यापुरतं नव्हतंच. १९८४ मध्ये बंगालात शिगेलाची, म्हणजे रक्ती आवेची, मोठी साथ आली आणि तो जीवाणू नेहमीच्या अनेक औषधांना दाद देत नव्हता. टायफॉइडच्या व्हीआय लशीची चाचणी कोलकात्याच्या वस्त्यांमध्ये याच संस्थेच्या लोकांनी घेतली. २००९ ला निकाल छापून आला, संरक्षण ६१ टक्के. आज खरी झोप उडवणारी गोष्ट प्रतिजैविकांना न जुमानणारे जीवाणू ही आहे. ते आतड्यात असोत, रक्तात असोत की लघवीत, एकमेकांना जनुकं देताना विभाग विचारत नाहीत. मग संशोधकांनी ‘आमच्या पाटीवर फक्त आतडं आहे’ म्हणून हात आखडायचा का?

आणि ‘गॅस्ट्रो’चं खापर शब्दावर फोडू नका. रुग्ण येईपर्यंत त्याला दोन ठिकाणी अँटिबायोटिक देऊन झालेलं असतं. त्यानंतर घेतलेला रेक्टल स्वॅब (गुदद्वारातला नमुना) कॅरी-ब्लेअरमध्ये (जंतू टिकवणाऱ्या माध्यमात) न घालता कोरड्या नळीत, तोही दुसऱ्या दिवशी आमच्याकडे पोचतो. कॉलऱ्याचा जंतू वाढवायच्या टीसीबीएस प्लेटवर काय उगवणार, कपाळ?

नळकोंडाळं

दोघांनाही नमस्कार. पाणीपुरवठ्यात २६ वर्षं काढली म्हणून बोलतो. नाव काहीही ठेवा, मला मूळ खर्चच पटत नाही. कॉलरा कशानं होतो हे कळून सव्वाशेहून जास्त वर्षं झाली. रॉबर्ट कॉखनं १८८४ मध्ये कोलकात्यातच जंतू वेगळा काढून दाखवला, तळ्याच्या पाण्यातही सापडवला. पुढे काय शोधायचंय? जलवाहिनी गटारातून नेऊ नका, टाकीत टीसीएल (ब्लीचिंग पावडर) वेळेवर टाका, जलसुरक्षकाला ओटी टेस्टचं (पाण्यातलं क्लोरीन तपासायचं) द्रावण आणि पगार वेळेवर द्या. जुलै २०२२ मध्ये मेळघाटात पाचडोंगरी, कोयलारीला कॉलऱ्यानं माणसं गेली, ती ज्ञान कमी पडलं म्हणून नाही. उघड्या विहिरीचं पाणी प्यावं लागलं म्हणून गेली.

घाटमाथा

@नळकोंडाळं, काका, मेळघाटाचं अगदी मान्य. पण ‘पुढे काय शोधायचंय’ हे १८८४ नंतरही लोक म्हणतच असतील. जंतू सापडला, तरी माणूस मरतो कशानं हे ७५ वर्षं नीट कळलं नव्हतं. ते १९५९ मध्ये डॉ. शंभुनाथ डे यांनी कोलकात्यातच दाखवलं. जीवाणू गाळून काढलेलं नुसतं द्रव सशाच्या आतड्याच्या बांधलेल्या तुकड्यात सोडलं, तरी आतडं पाण्यानं टम्म फुगलं. म्हणजे मारतं ते विष, आणि मरण येतं ते अंगातलं पाणी-मीठ निघून गेल्यानं. त्याच्यावरच ओआरएस उभं आहे. नायसेडसारख्या संस्था नसत्या तर हे कुठून आलं असतं?

तिरपागडा

थांबा थांबा. १९५९ मध्ये नायसेड नव्हतं की! तुम्हीच वर १९६२ लिहिलंय. डॉ. डे तेव्हा मेडिकल कॉलेजात शिकवत होते. आणि ओआरएसचं म्हणाल तर १९७१ मध्ये बनगावच्या निर्वासित छावणीत डॉ. दिलीप महालनबीस यांनी ड्रममधून मीठ-साखरेचं पाणी वाटलं, तेव्हा ते जॉन्स हॉपकिन्सच्या कोलकात्यातल्या केंद्रात होते. कोलकात्यातले कॉलऱ्याचे दोन्ही मोठे पराक्रम राष्ट्रीय संस्थेच्या बाहेरचे. पाटीवर कॉलरा असो वा नसो, काम करणारा करतो.

(पॉपकॉर्न आणतो.)

कुंदाआत्या

बनगावचा विषय निघाला म्हणून लिहिते. मी सेवानिवृत्त परिचारिका. ओआरएस येण्याआधीचा वॉर्ड मी पाहिलेला नाही, पण माझ्या वरिष्ठ सिस्टरांनी पाहिलाय. तांदळाच्या धुवणासारखे जुलाब, मध्ये भोक पाडलेली खाट, खाली बादली, डोळे खोल गेलेले, आणि सलाईन संपलेलं. त्या छावणीत मृत्यूचं प्रमाण ३० टक्क्यांच्या आसपास होतं, ते ओआरएसवर ठेवलेल्यांत ३.६ टक्क्यांवर आलं. महालनबीसांना पद्मविभूषण मिळालं २०२३ मध्ये, ते गेल्यानंतर. असो.

आमच्या आजोबांना पंढरीला जाताना कॉलऱ्याची सुई टोचून घ्यावी लागायची. दोन दिवस दंड सुजायचा, म्हणून ते दरवर्षी पळवाट शोधायचे. आता सुई नाही, तोंडानं घ्यायची लस आहे. ती तपासली कुठे? २००६ मध्ये कोलकात्याच्या झोपडपट्ट्यांत, नायसेड आणि कोरियातल्या लस-संस्थेनं मिळून. पाच वर्षं पाठपुरावा केला, ६५ टक्के संरक्षण. मग ती गेली हैतीला, आफ्रिकेला. आपल्या नेहमीच्या लसीकरणात मात्र अजून नाही. ज्यांनी चाचणीसाठी दारं उघडली त्यांच्या नातवंडांना मिळायला नको?

पेट्रीडिश

@कुंदाआत्या, हा मुद्दा नावापेक्षा मोठा आहे. वेगळा धागा काढा, मी पहिली येईन.

@तिरपागडा, दोन पराक्रम बाहेरचे, खरंय. तिसरा आतला आहे, तो सांगते. १९९२ च्या अखेरीस मद्रासमध्ये आणि नंतर कोलकात्यात कॉलऱ्यासारखेच रुग्ण धडाधड येऊ लागले. जीवाणू कॉलऱ्याचाच, व्हिब्रिओ, पण त्याचा ओ१ हा प्रकार ओळखणाऱ्या सीरमशी गुठळी होत नव्हती. तोवर नियम असा होता की साथ फक्त ओ१ नं येते. नियमावर बोट ठेवून चालणाऱ्या कुठल्याही प्रयोगशाळेनं ‘कॉलरा नाही’ असं लिहून फाइल बंद केली असती. इथल्या लोकांनी केली नाही. तो निघाला ओ१३९, नाव पडलं ‘बेंगाल’. आधी कॉलरा होऊन गेलेल्या मोठ्या माणसांनाही तो लोळवत होता, कारण जुनी प्रतिकारशक्ती त्याला ओळखतच नव्हती.

घाटमाथा

अहो मग हे तर माझंच म्हणणं झालं! कॉलरा शोधायलाच बसलेली माणसं तिथे होती, म्हणून चाचणी ‘नाही’ म्हणत असताना त्यांनी कॉलरा ओळखला. शेजारच्या रुग्णालयात ठरलेल्या दिवशी दर पाचव्या जुलाबाच्या रुग्णाचा नमुना घ्यायचा, साथ असो नसो, ही शिस्त एका रोगाला वाहून घेतल्याशिवाय टिकत नाही. उद्या सगळ्याच जीवाणूंची संस्था झाली की निधी जिथे बोलबाला तिथे जाणार. गरिबाच्या जुलाबाचा बोलबाला कधी होता?

पेट्रीडिश

मी नेमकं उलटं वाचते. ‘कॉलरा म्हणजे ओ१’ अशी नावाला घट्ट बांधलेली व्याख्याच तेव्हा आड आली होती. ज्यांनी जीवाणूकडे पाहिलं, त्यांना तो सापडला.

पुण्याचंच घ्या. जानेवारी २०२५ मध्ये सिंहगड रस्ता, नांदेड गाव भागात जीबीएसचे (गुलियन-बारे, नसांचा आजार) रुग्ण वाढले. हातपाय लुळे पडलेला रुग्ण न्यूरॉलॉजिस्टकडे जातो, त्याला कॉलरा-संस्था कशी आठवेल? पण काहींच्या शौचाच्या नमुन्यात कॅम्पिलोबॅक्टर हा जुलाबाचा जीवाणू निघाला, म्हणजे सुरुवात पोटातूनच. रुंद पाटीचा उपयोग अशा वेळी होतो.

निधीचं मात्र तुमचं बरोबर आहे. ती भीती मलाही आहे.

नळकोंडाळं

आणि त्या पुण्याच्या प्रकरणात शेवटी सगळे कुठे पोचले? विहिरीवर आणि टँकरवर. मी काय म्हणत होतो?

तिरपागडा

काका, पण विहिरीवर पोचवलं कुणी? नमुना तपासणाऱ्यानंच ना. (मी बाजू बदललेली नाही, नुसतं विचारतोय.)

नळकोंडाळं

हे बरोबर पकडलंत. आमच्याकडेही ‘पाणी पिण्यास अयोग्य’ असा कागद प्रयोगशाळेतून आला की वरून पैसे सुटतात. आम्ही तोंडानं कितीही बोंबललो तरी सुटत नाहीत. पण त्यासाठी कोलकाता कशाला, जिल्ह्याची प्रयोगशाळा धड चालवा.

घाटमाथा

@पेट्रीडिश, एक साधा प्रश्न. तुमच्या प्लेटवर कॉलऱ्याचा जीवाणू निघाला, तर अहवालात काय लिहिता?

पेट्रीडिश

पूर्ण नाव. व्हिब्रिओ कॉलरी, ओ१, ओगावा की इनाबा (ओ१ चे उपप्रकार) तेही. त्याच दिवशी फोनही करते. दोन दिवसांनी पेपरात वाचते, ‘अमुक गावात गॅस्ट्रोसदृश आजार’. मधे कुणाच्या टेबलावर ते नाव गळतं, हे मला अजून सापडलेलं नाही.