एकच शॉट, ८ मिनिटं: भिंतीवरचा कवडसा सरकताना दिसत नाही

चुन्याची_भिंत: शॉर्टफिल्ममध्ये खिडकीतून भिंतीवर पडलेला कवडसा सरकतो, एवढंच. कॅमेरा स्थिर, कट नाही. टेस्टमध्ये कवडसा जागचा हलल्यासारखा वाटत नाही, मधेच चित्र एकदम उजळतं, आणि अपलोड केल्यावर भिंतीवर पट्टे उमटतात. वेग वाढवायचा नाही, खरी ८ मिनिटंच हवीत.

तिरीप: फ्रेम आवळा. सूर्य ४ मिनिटांत साधारण १ अंश सरकतो, म्हणजे तुमच्या वेळात २ अंश. खिडकी भिंतीपासून ३ मीटरवर असेल तर कवडसा जेमतेम १० सेंमी हलणार. ३ मीटर रुंद फ्रेममध्ये ते कुणाला दिसणार? ४० सेंमी रुंदी घ्या, तोच कवडसा पाव पडदा ओलांडेल. आणि भिंतीत एक खिळा असू द्या, नजरेला खूण मिळते.

चुन्याची_भिंत: जवळून कड फारच धूसर दिसते. पुठ्ठा कापून भिंतीजवळ धरला तर?

तिरीप: कड धारदार होईल, पण कवडसा तितकाच कमी सरकेल. ३० सेंमीवरच्या पुठ्ठ्याची कड ८ मिनिटांत फक्त १ सेंमी जाते. सूर्यबिंब अर्ध्या अंशाचं असल्यामुळे कुठलीही कड एका बिंदूवरून जायला सुमारे २ मिनिटं घेते, पुठ्ठा असो वा नसो. तो खिळा अंधारातून उजेडात यायला लागणारी २ मिनिटं हाच तुमच्या फिल्मचा गाभा आहे. तो मधोमध ठेवा, आधी-नंतर ३-३ मिनिटं सोडा. धूसरपणा घालवू नका.

रातकिडा: मधेच उजळतं ते ऑटो आयएसओमुळे, म्हणजे कॅमेरा प्रकाशाची संवेदनशीलता स्वतःच बदलतो. आयएसओ, शटर, छिद्र (अ‍ॅपर्चर), फोकस सगळं मॅन्युअल. व्हाइट बॅलन्स (रंगछटेची सेटिंग) ५६०० केल्विनवर बांधून टाका. एक्स्पोजर उन्हाच्या भागावर लावा, तो पांढरा जळाला की चुन्याचा पोत गेलाच. ट्रायपॉडवर स्टॅबिलायझर बंद करा, नाहीतर फ्रेम हळूच वाहते आणि इथे तेवढंही खुपतं.

पट्टे ८ बिट रेकॉर्डिंगचे. रंगाच्या २५६ पायऱ्यांपैकी सावलीतल्या भिंतीच्या वाट्याला थोड्याच येतात, मग प्रत्येक पायरी वेगळी दिसते. १० बिटमध्ये १०२४ मिळतात. कॅमेऱ्यात ते नसेल तर लॉग प्रोफाइल (नंतर रंग सुधारण्यासाठीचं फिकट रेकॉर्डिंग) टाळा, एडिटमध्ये बारीक ग्रेन (फिल्मसारखे रवे) घाला आणि ४के एक्स्पोर्ट करा. कारण कमी बिटरेटला (सेकंदाला कमी डेटा) कॉम्प्रेशन ग्रेनच पुसून टाकतं आणि पट्टे परत येतात.

पंखा, फ्रिज बंद. खोलीचा आवाज वेगळ्या रेकॉर्डरवर सलग घ्या, लूप केलात तर तिसऱ्या फेरीला कान पकडतो.