मदत हवी आहे: १४ महिने पगार नाही, वर आता हमीपत्र मागतायत

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं नुसती वाचत आले, आज पहिल्यांदा लिहितेय. थोडं लांबेल, सांभाळून घ्या.

मुंबईतल्या एका अनुदानित संस्थेत मी १७ वर्षं लेखा विभागात आहे. कागदोपत्री धर्मादाय आयुक्तांकडे नोंदवलेला न्यास, पण पगाराचा पैसा सगळा राज्य शासनाचा. लेखापरीक्षणात आक्षेप निघाले, उपयोगिता प्रमाणपत्र (अनुदान कुठे खर्च झालं याचा दाखला) परत आलं आणि अनुदानाचा हप्ता अडकला. तेव्हापासून आम्हा ९ जणांना १४ महिने पगार नाही. काम चालू आहे, रोज १० वाजता मस्टरवर सही आहे. या वेळी डोंबिवलीच्या तिमाही पासाचे पैसे लेकीने शिकवण्यांच्या कमाईतून दिले. त्या पासावर जाऊन मी संस्थेचा ताळेबंद जुळवते!

संस्था म्हणते, अनुदान आलं की देऊ. मंत्रालयात गेलो तर, "तुमची नेमणूक आम्ही केलेली नाही, तुमचं तुमच्या संस्थेशी बघा." ६ अर्ज दिलेत, सगळ्यांवर आवक शिक्का आहे, उत्तर एकाचंही नाही.

आता मुद्द्याचं. शुक्रवारी सगळ्यांच्या टेबलावर टाइप केलेलं हमीपत्र आलं: अनुदान मिळेपर्यंत थकीत वेतन मागणार नाही, विलंबाचं व्याजही मागणार नाही. तारखेची जागा कोरी. साहेब म्हणाले, नुसती औपचारिकता आहे, सोमवारपर्यंत द्या. दोघांनी सही केलीसुद्धा, त्यातल्या एकांची निवृत्ती तोंडावर आहे.

सही केली तर हक्क जातो का? आणि दाद मागायची कुठे, वांद्र्याच्या कामगार भवनात (कामगार आयुक्तांकडे) की हायकोर्टात?

जुना वकील:
ताई, सही करू नका. कोऱ्या तारखेवर तर मुळीच नाही.

वेतन संहिता, म्हणजे पगाराबाबतचा नवा केंद्रीय कायदा, २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू आहे. तिच्या कलम ६० प्रमाणे देय रकमेवरचा हक्क सोडणारा करार रद्दबातल ठरतो. जुन्या १९३६ च्या वेतन प्रदान कायद्यातही तशी तरतूद होती. तरीही सही असली की समोरचा वकील तोच कागद पहिल्यांदा फडकवतो आणि दोन तारखा त्यातच जातात.

संहितेखाली दाव्याची मुदत ३ वर्षं आहे, जुन्या कायद्यात १२ महिने होती. तुमचे सुरुवातीचे महिने नोव्हेंबरआधीचे असतील तर त्यांच्या मुदतीवरून वाद घालतील, म्हणून थांबू नका.

माझं मत हायकोर्टाकडे झुकतं. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली याचिका करा आणि संस्था व शासन दोघांनाही प्रतिवादी करा, म्हणजे टोलवाटोलवी एकाच खोलीत होईल. संस्था घटनेतल्या 'राज्य' या व्याख्येत बसते का, म्हणजे ती सरकारचाच भाग मानायची का, यावर खल होईलच. प्रदीपकुमार बिस्वास खटल्यात (२००२) सुप्रीम कोर्टाने आर्थिक, प्रशासकीय आणि कामकाजावरचं नियंत्रण पाहायला सांगितलंय. बिहारच्या सरकारी महामंडळांतले लोक वर्षानुवर्षं बिनपगारी राहिले, तेव्हा कपिला हिंगोरानी प्रकरणात (२००३) कोर्टाने राज्याला हात झटकू दिले नव्हते. तुमची संस्था महामंडळ नाही, पण तो निकाल वकिलांना दाखवा.

त्याआधी माहिती अधिकारात तुमचं अनुदान देणाऱ्या संचालनालयाला विचारा: वेतनासाठी किती रक्कम मंजूर, किती वितरित, कोणत्या तारखेला. कधी कधी पैसा आलेला असतो आणि दुसरीकडेच खर्ची पडतो. लेखा विभागात आहात, तुम्हाला चटकन उमगेल.

वकिलाच्या फीची चिंता नको. विधी सेवा प्राधिकरण कायद्याखाली महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

धागाकर्ती:
खूप आभार. सोमवारी हमीपत्राऐवजी लेखी मागणीपत्र दिलं. आवक शिक्का मारून घ्यायला २० मिनिटं उभी होते, लिपिक साहेबांच्या केबिनकडे बघत बसला होता. सातजण तयार आहेत. सही केलेल्या दोघांनाही याचिकेत घेता येईल?

जुना वकील:
येईल. त्यांना म्हणावं, सही केलेल्या कागदाची झेरॉक्स आजच मागून घ्या.