ब्लॅक अ‍ॅडरचा पहिला सीझन सोडा म्हणणाऱ्यांनो, जरा इकडे या

धागाकर्ता: जो तो सांगतो ब्लॅक अ‍ॅडर ही बीबीसीची ऐतिहासिक विनोदी सिरियल बघायची तर थेट दुसऱ्या सीझनपासून, १९८३चा पहिला बघूच नका. मला अजिबात पटत नाही. १४८५, इंग्लंडच्या गादीसाठीची बॉसवर्थची लढाई, तिसरा रिचर्ड चक्क भला माणूस, तो लढाई जिंकतो आणि मग रोवन अ‍ॅटकिन्सनचा एडमंड त्याला घोडेचोर समजून मुंडकंच उडवतो! पुढे चौथा रिचर्ड गादीवर, आणि हे सगळं सातव्या हेन्रीने (खऱ्या इतिहासात ही लढाई जिंकून राजा झाला तो) नंतर इतिहासातून पुसलं अशी थाप. इतकी भारी थाप नंतरच्या एका तरी सीझनमधे दाखवा.

खवट: थाप भारी, पण हसू कुठंय? एडमंड बावळट आणि त्याचा नोकर बाल्ड्रिक शहाणा. पैसा सगळा किल्ल्यावर नि घोड्यांवर. १९८६ला बजेट कापलं, स्टुडिओच्या चार भिंतीत बसवलं, बेन एल्टन लिहायला आला, तेव्हा कुठे एडमंडच्या जिभेला धार आली.

बखरवाली: माझा आक्षेप वेगळाच आहे. तो चौथा रिचर्ड म्हणजे कोण माहितीये का, लंडनच्या टॉवरमधून १४८३ मधे गायब झालेल्या दोन राजपुत्रांपैकी धाकटा. खरा मुलगा होता तो, ९ वर्षांचा, मोठा १२चा. पुढे त्यांचा पत्ताच नाही. त्याला दाढीवाला आरडाओरडा करणारा राजा करून हसायचं?

धागाकर्ता: अगं पण टोमणा मुलांना नाहीये, जिंकणाऱ्याला आहे. खऱ्या हेन्रीने काय केलं बघ ना, लढाई झाली २२ ऑगस्टला आणि पठ्ठ्याने आपली कारकीर्द धरली २१ पासून, म्हणजे रिचर्डकडून लढलेले सगळे आपोआप राजद्रोही! कागद फिरवणारा माणूस तो, सिरियलने फक्त थोडं पुढे ताणलंय.

बखरवाली: ते मान्य, पण म्हणून रिचर्ड एकदम देवमाणूस? पुतण्यांची गादी त्यानेच घेतली ना. २०१२ मधे लेस्टरच्या कार पार्कखाली सांगाडा मिळाला, पाठीचा कणा खरंच वाकडा निघाला, म्हणजे हेन्रीच्या ट्यूडर घराण्याच्या काळात रिचर्डला कुबडा खलनायक रंगवला, त्यातलं सगळंच काही रचलेलं नव्हतं.

खवट: तुम्ही दोघं इतिहासावर भांडताय आणि विनोदावर कोणी बोलतच नाहीये, हाच तर माझा मुद्दा! त्या सीझनमधे मला एकच माणूस आवडला, चौथ्या रिचर्डचं काम करणारा ब्रायन ब्लेस्ड, आणि तो तोंड उघडणार म्हटलं की मी आधी रिमोट शोधतो.