जेफ्री पामर : पडलेल्या चेहऱ्याची किमया

ब्रिटिश नट जेफ्री पामरबद्दल एकांनी लिहिलंय, 'पामर म्हणजे मालिकेतला अभिनेत्री जूडी डेंचचा कुरकुऱ्या नवरा, तोच चेहरा सगळीकडे.' चेहरा तोच, हे मान्य. पण त्या चेहऱ्यातून माणूस काय काय काढायचा ते बघा!

'फॉल्टी टॉवर्स' या विनोदी मालिकेत (1979) तो हॉटेलात उतरलेला डॉक्टर. वरच्या खोलीत पाहुणा मेलाय, प्रेत लपवायला मालकाची पळापळ चाललीय, आणि याला हवेत फक्त सॉसेजेस. विनोद करतोय असं तो एकदाही दाखवत नाही, म्हणून तर हसून मुरकुंडी वळते.

आणि 1989चा 'ब्लॅकॅडर' या विनोदी मालिकेचा शेवटचा भाग. पामर म्हणजे ब्रिटिश सेनापती फील्ड मार्शल हेग. टेबलावरचे खेळण्यातले सैनिक आडवे पाडतो, केरसुणीने सुपलीत भरतो आणि खांद्यावरून मागे फेकून देतो. चेहऱ्यावर रेषही हलत नाही. पहिल्या महायुद्धावर याहून जहरी काही मी टीव्हीवर पाहिलेलं नाही.

'बटरफ्लाइज'मधला दंतवैद्य नवरा, 'रेजिनाल्ड पेरिन'मधला मेहुणा जिमी ही कामंही आहेतच. 'अ‍ॅज टाइम गोज बाय' 1992ला आली तेव्हा गडी पासष्टीला टेकलेला. कोरियाच्या युद्धातून पाठवलेलं एक पत्र पोचत नाही आणि तो आणि जूडी डेंचची नायिका अडतीस वर्षं दुरावतात, एवढीशी गोष्ट. तिथे त्याची कुरकुर हीच प्रेमाची भाषा होते.

2020मध्ये, त्र्याण्णवाव्या वर्षी गेला. सुरुवात करणार असाल तर तो सॉसेजवाला भाग आधी बघा.